समासातले पाच ठिपके

माझी चूक आधी सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना माझ्याबद्दल कुणाचा भलता समज होणार नाही. एका माणसाच्या वहीच्या समासात मी लाल पेन्सिलीनं पाच खोटे ठिपके काढले. त्याला अर्धं मिनिटही लागलं नसेल. त्या ठिपक्यांवर विसंबून त्या माणसानं आपण लिहिलेला सर्वांत चांगला प्रसंग फाडून टाकला आणि पुढं दोन वर्षांच्या आत लिहिणंच सोडलं. ठिपके काढताना मला हे कळत नव्हतं असं नाही. बरंचसं कळत होतं.

तो माणूस सिनेमे लिहायचा. अकोटला तहसील कचेरीच्या कुंपणाबाहेर टेबल टाकून बसणारे ते अर्जनवीस. उत्पन्नाचा दाखला, वारसनोंद, हरवलेलं रेशनकार्ड, भावकीचं भांडण, जे असेल ते लिहून द्यायचे. सगळे त्यांना काकाजी म्हणत. मीही म्हणायचो. मी तेव्हा तिशीचा होतो आणि अकोटच्या एका शाळेत नोकरीला होतो.

काकाजींना सिनेमात आणलं विजूभाऊनं. विजूभाऊचा अकोल्यात लग्नाच्या शूटिंगचा स्टुडिओ होता. लग्नसराई संपली की त्याचा कॅमेरा, दिवे आणि माणसं रिकामी बसत. त्या दिवसांत तो वऱ्हाडी बोलीतले सिनेमे काढायचा. त्यांच्या सीड्या बसस्टँडवर आणि जत्रांमध्ये विकल्या जायच्या, गावोगावचे केबलवाले ते दुपारी दाखवायचे. एकदा वाटणीच्या वादाचा अर्ज करायला तो काकाजींकडे आला. लिहून झालेला अर्ज वाचता वाचता त्याचे डोळे भरून आले. ज्या भावाविरुद्ध अर्ज होता, त्याचीच त्याला दया आली म्हणे.

"काकाजी, सिनेमा लिवता का?" त्यानं विचारलं.

"लिवतो. कोणाले उद्देशून लिवाचा?" काकाजी म्हणाले.

पहिला सिनेमा त्यांनी खरोखरच अर्जासारखा लिहिला. त्यातली बायको नवऱ्यावर रागावून म्हणते, "उपरोक्त विषयास अनुसरून कळविते की, मी माहेरी जात आहे, तरी योग्य ती कार्यवाही व्हावी." काकाजींनी हे अगदी गंभीरपणे लिहिलं होतं. विजूभाऊनं ते तसंच ठेवलं आणि लोक पोट धरून हसले. सीडी खूप चालली. काकाजींना मात्र ते फार लागलं.

"बाई घर सोडून चालली अन् लोक हासून राहिले," ते मला म्हणाले. "म्हंजे आपल्याले बाई ऐकूच नाही आली. आपून कागद ऐकला."

त्यानंतर त्यांनी स्वतः लिहिणं बंद केलं. हातात पेन आलं की अर्ज होतो, असं त्यांचं म्हणणं. ते बोलायचे आणि मी लिहून घ्यायचो. माझं अक्षर चांगलं होतं आणि शाळा सुटल्यावर मला काम नव्हतं. ते मला मास्तर म्हणायचे. सांगताना खोलीभर फिरायचे. बाईचं वाक्य असलं की खाली बसून सांगायचे, म्हाताऱ्याचं असलं की भिंतीला टेकून. त्यांचं एक नेहमीचं सांगणं होतं: "अर्ज सांगताना माणूस धडाधडा सांगते. सही कराची वेळ आली का थांबते. तो थांबा आपल्याले पायजे."

प्रत्येक सिनेमात एक काम ते स्वतःसाठी ठेवत. काम नेहमी वाट पाहणाऱ्या माणसाचं. दवाखान्याच्या बाकावर बसलेला, गाडीची वाट पाहणारा, साहेब केव्हा येतील म्हणून विचारणारा. वाक्य एक, फार तर दोन. पण तयारी अशी, की दवाखान्यातल्या रोग्यासाठी ते तीन दिवस एका डॉक्टरकडे रांगेत बसून आले. तिसऱ्या दिवशी डॉक्टरनं त्यांना तपासून गोळ्या दिल्या. त्या त्यांनी पाच दिवस घेतल्याही. "दिल्या म्हंजे काईतरी असन," म्हणाले.

एका सिनेमात त्यांनी मयताचं काम घेतलं. भातकुलीजवळच्या एका गावात शूटिंग होतं. रडायला गावातल्याच चार बाया आणल्या होत्या. त्यांना सांगितलं होतं की नुसतं मोठ्यानं रडायचं. त्यातल्या एकीचा नवरा वर्षभरापूर्वीच गेलेला. ती रडता रडता बोलायला लागली, "आता कोणावर खेकसू वं मी? दिवसभर कोणावर खेकसू?" हे वाक्य आमच्या कागदावर नव्हतं. विजूभाऊनं हात वर केला, तो शूटिंग थांबवणार, एवढ्यात तिरडीवरचं मयत डोळे मिटूनच ओरडलं, "थांबवू नको रे! तिले बोलू दे!" बाई घाबरून पळाली. पुन्हा काही केल्या आली नाही. काकाजी तिच्या घरी जाऊन माफी मागून आले आणि ते वाक्य वापरू का म्हणून परवानगीही घेऊन आले. कुणाचं काही घेतलं तर ते विचारत. एकदाच विचारलं नाही, ते पुढं येईल.

आता त्यांची वाचनाची पद्धत सांगायला हवी, कारण माझा गुन्हा तिच्यातच आहे.

कथा पूर्ण झाली की विजूभाऊकडे देण्याआधी ते ती वाचून दाखवायचे. अकोटला एका जिनाच्या, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्याच्या, फाटकासमोर कडुनिंबाखाली सलीमभाईंची चहाची टपरी होती. दुपारच्या सुट्टीत जिनातले हमाल, कापूस वेचायच्या कामावरच्या बाया, एक मापारी, असे दहा-पंधरा जण तिथं बसत. काकाजी त्यांच्याकडे पाठ करून बसायचे आणि वाचायचे. पहिल्यांदा मला ते विचित्र वाटलं.

"तोंडाकडे पाहून वाचलं का माणूस भिडेनं बसते," ते म्हणाले. "सीडी तो घरी पाह्यते, मास्तर. तथी त्याले उठाची कोणाची भीड नाही. अथी बी नसली पायजे."

त्यांची पाठ, म्हणून पाहण्याचं काम माझ्याकडे. मी लोकांकडे तोंड करून, त्याच कथेची दुसरी वही मांडीवर घेऊन बसायचो. जिथं कुणी उठेल, थुंकायला, पाणी प्यायला, कशालाही, तिथं समासात लाल ठिपका. एका माणसाला एक ठिपका. वाचून झालं की काकाजी वही घेत आणि ठिपके मोजत. त्यांचा नियम ठरलेला होता. एक-दोन ठिपके असले तर दुर्लक्ष. तीन असले तर तो प्रसंग दुसऱ्या दिवशी दुसऱ्या लोकांपुढं पुन्हा वाचायचा. पाच असले तर काढून टाकायचा. त्यावर चर्चा नाही. विजूभाऊ एकदा म्हणाला, "काकाजी, हमालाच्या हातात कैची देता काय?" काकाजी म्हणाले, "मंग कोणाच्या देऊ? तुह्या?"

मी सहा कथांना ठिपके काढले. पाच कथांना खरे काढले.

आता माझ्या बाबांविषयी. आमचं घर तेल्हाऱ्याचं. थोडं ओलिताचं वावर होतं, त्यात बाबा भाजी लावायचे आणि आसपासच्या बाजारांत स्वतः विकायचे. त्यावरच मी शिकलो. नोकरी लागून वर्षही झालं नव्हतं. शाळेच्या लोकांनी रोडगे आणि वांग्याच्या भाजीची पार्टी ठरवली आणि वांगी घ्यायला हेडमास्तर, आणखी दोघे आणि मी असे आठवडी बाजारात गेलो. हेडमास्तर जिथं थांबले ते दुकान बाबांचं होतं. त्या दिवशी ते अकोटला येणार हे मला माहीत नव्हतं. बाबांनी वर पाहिलं. मी काही बोललो नाही. हेडमास्तर मला म्हणाले, "तुम्ही गावाकडचे, तुम्ही निवडा." मी खाली बसलो आणि बाबांना विचारलं, "कशी दिली?"

बाबांनी भाव सांगितला. म्हणाले, "घ्या साहेब. काटेरी हाय, बी नाही निंघनार." मी वांगी निवडली. त्यांनी तोलली. वरून कोथिंबिरीची जुडी टाकली. मी पैसे दिले, त्यांनी उरलेले परत दिले. आम्ही निघालो.

बाबांनी ही गोष्ट पुढं कधी काढली नाही. मीही नाही. काकाजींना मात्र ती मी एकदा सांगितली. आम्ही अकोटहून अकोल्याला विजूभाऊकडे निघालो होतो, गाडीत शेजारी बसलो होतो. का सांगितली, ते आज नीट सांगता येत नाही. कुणाला तरी सांगायची होती. काकाजी खिडकीबाहेर पाहत राहिले. बऱ्याच वेळानं त्यांनी एवढंच विचारलं, "कोथिंबीर तुनं मागतली, का त्यानं आपल्या मनानं टाकली?"

"त्यांनीच टाकली."

"हं," म्हणाले. मला वाटलं, त्यांना माझं दुःख समजलं. समजलं असेलही. पण ते कामही करत होते.

चार महिन्यांनी सहावी कथा सांगताना ते एका दुपारी भिंतीला टेकले आणि म्हणाले, "लिव. तलाठी साहेब दोन माणसं घेऊन बाजारात येते. खाली एक म्हातारा पेरू घेऊन बसला हाय." माझा तलाठी झाला होता आणि वांग्यांचे पेरू. बाकी सगळं तेच. म्हातारा 'साहेब' म्हणतो. पैसे देणंघेणं होतं. शेवटी म्हातारा दोन पेरू जास्तीचे टाकतो आणि तलाठी निघून गेल्यावर शेजारचीला सांगतो, "मोठा सायेब हाय. मायाच हातचे पेरू नेते दर वक्ती."

हे शेवटचं वाक्य काकाजींचं होतं. मला ते सुचलं नसतं आणि सोसवलंही नाही. तरी मी लिहून घेतलं, चांगल्या अक्षरात. "हे नका घेऊ काकाजी," एवढं म्हटलं असतं तर त्यांनी तिथल्या तिथं सोडलं असतं. मयतावर रडणाऱ्या त्या बाईच्या घरी माफी मागायला जाणारा माणूस होता तो. मला न विचारता त्यांनी हे घेतलं, ही त्यांची चूक. बहुधा त्यांना वाटलं असेल, मास्तर स्वतः लिहून घेतोय म्हणजे त्याची हरकत नाही. मी मात्र लिहीत राहिलो. केबलवर हा सिनेमा तेल्हाऱ्यात दिसणार, बाबा शेजारच्यांबरोबर बसून पाहणार, एवढंच डोळ्यांपुढं येत होतं.

वाचनाचा दिवस आला. काकाजींनी पाठ केली आणि सुरुवात केली. हा प्रसंग मधे होता. त्या दिवशी चौदा माणसं होती. कोकिळाबाई म्हणून जिनातल्या एक बाई होत्या, त्या तंबाखू-सुपारीचा खर्रा खायच्या आणि दर पाच-दहा मिनिटांनी थुंकायला उठायच्या. पहिले ठिपके नेहमी त्यांचेच. त्या तोंड भरलेलं असूनही बसून राहिल्या. मापाऱ्याच्या बोटांत बिडी जळून गेली. सलीमभाईंचं दूध उतू गेलं, त्यांनी तिकडं पाहिलं नाही. काकाजींचा आवाज खाली खाली येत गेला, आणि शेवटचं वाक्य त्यांनी इतक्या हळू वाचलं की मागच्यांना ऐकू आलं नसेल, तरी कुणी 'मोठ्यानं' म्हणालं नाही.

मी पाच ठिपके काढले.

वाचून झालं. लोक कामावर गेले. काकाजींनी वही घेतली, पानं उलटली आणि थांबले.

"अथी? पाच उठले?"

"हो."

"मले तं एकाचं बी पाऊल नाही वाजलं."

मी म्हणालो, "माती ओली आहे, काकाजी."

हे वाक्य मला त्या क्षणी सुचलं. खोटं बोलायची मी तयारी केली नव्हती, तरी ते तयार होतं. त्यांनी मान हलवली, दोन्ही वह्यांतली ती पानं फाडली, घडी केली आणि सलीमभाईंच्या चुलीत टाकली. रागावले नाहीत. नियम त्यांचाच होता.

सिनेमा झाला. कुणी वाईट म्हटलं नाही, कुणी काहीच म्हटलं नाही. काकाजी स्वतःचा सिनेमा कधी पाहत नसत. अकोल्याच्या सीडीच्या दुकानाबाहेर टीव्हीकडे पाठ करून उभं राहायचं आणि पाहणाऱ्यांची तोंडं पाहायची, असा त्यांचा शिरस्ता. त्या वेळी ते दोन दिवस उभे राहिले. लोक येत, थोडं पाहत आणि पुढं जात. पण सिनेमा पडला याचं त्यांना फार वाटलं नाही. त्यांना खात होतं ते वेगळंच. वाचताना त्यांना जी शांतता ऐकू आली होती, ती खोटी ठरली होती.

"मले वाटलं, लोक श्वास बी घेऊन नाही राहिले," ते एक दिवस म्हणाले. "अन् तिकडे पाच जण उठून चालले होते. म्हंजे मास्तर, माया कानच गेला."

मला वाटलं ते लाक्षणिक बोलताहेत. तसं नव्हतं. पुढच्याच आठवड्यात ते मला म्हणाले, "अकोल्याले कानाच्या डॉक्टरकडे घेऊन चाल." मी माझ्या मोटारसायकलवर त्यांना घेऊन गेलो. डॉक्टरनं यंत्र लावून तपासलं. मी बाहेर बाकावर बसलो होतो. काकाजी आले आणि पायरीवर बसून चपला घालता घालता म्हणाले, "कान पोरासारखा हाय म्हणते. मंग बिघडलं काय?"

तेव्हा सांगता आलं असतं. रस्त्यावर गर्दी होती, आम्हाला कुणी ओळखत नव्हतं, आणि ते माझ्याकडेच पाहत होते. मी म्हणालो, "चहा घ्यायचा का?"

त्यानंतर त्यांनी आणखी एक कथा सांगायला घेतली. तिच्यात सगळे विनोदच घातले. पहिल्या सिनेमातली, अर्जासारखी बोलणारी बायको परत आणली. वाचनाला ते पहिल्यांदाच लोकांकडे तोंड करून बसले. ठिपक्यांची वही त्यांनी मला दिली नाही. मधेच वर पाहत, कुणी हसलं की थांबत, कुणी हललं की घाईनं पुढं जात. कोकिळाबाई तोंड भरलेलं घेऊन शेवटपर्यंत बसल्या. एकही माणूस उठला नाही. सगळे भिडेनं बसले होते, हे मला दिसत होतं आणि काकाजींना तर माझ्यापेक्षा जास्त. संपल्यावर मापारी म्हणाला, "लय भारी, काकाजी." काकाजींनी वही मिटली आणि त्याला हात जोडले. त्यांना कुणाला हात जोडताना मी तेव्हा एकदाच पाहिलं.

ती वही विजूभाऊकडे गेली नाही. काकाजी पुन्हा नुसते अर्जच लिहू लागले. अर्ज चांगले लिहायचे. माझी बदली झाली, मग मी अमरावतीला स्थायिक झालो. मुलं मोठी झाली. आता सीड्या गेल्या. विजूभाऊचा मुलगा ते जुने सिनेमे मोबाईलवर टाकतो आणि त्यातला 'उपरोक्त विषयास अनुसरून' हा तुकडा लोक एकमेकांना पाठवतात. मलाही शाळेच्या ग्रुपवर तीन जणांनी पाठवला. लेखकाचं नाव कुठं नव्हतं.

मागच्या वर्षी बाबा गेले. वांग्यांची गोष्ट त्यांच्याशी बोलायची राहिली. ती आता कुणाशी बोलून उपयोग नाही. ज्या माणसाला लाज वाटू नये म्हणून मी ठिपके काढले असं स्वतःला सांगत आलो, तो माणूस गेला, आणि ते सांगणं किती पोकळ होतं ते कळलं. बाबांना काय वाटलं असतं ते मला कधीच ठाऊक नव्हतं. लाज माझी होती. एक माफी हातची गेली, दुसरी अजून मागता येणार होती.

काकाजी अमरावतीतच मुलीकडे राहतात, हे विजूभाऊच्या मुलाकडून कळलं. माझ्या घरापासून वीस मिनिटांवर. मी एका रविवारी सकाळी गेलो. मुलीनं दार उघडलं आणि आत सांगितलं, "बाबा, कोणीतरी मास्तर आले." ते गॅलरीत खुर्चीवर बसले होते. वाळले होते, पण डोळे तसेच.

"ये. केस गेले तुहे," म्हणाले.

चहा आला. तो संपेपर्यंत मी तब्येतीचं विचारत राहिलो. मग सांगितलं. पेरूचा प्रसंग, पाच ठिपके, माती ओली नव्हती हेही.

ते रिकामा कप हातात फिरवत राहिले. मला वाटलं, आठवत नसेल. मग त्यांनी विचारलं, "कोकिळाबाई?"

"नाही उठल्या."

"खर्रा होता तोंडात?"

"होता. बसून राहिल्या."

"मापारी?"

"नाही. बिडी बोटांतच जळाली त्याची."

"सलीम तरी उठला असन. त्याचं दूध होतं चुलीवर."

"उतू गेलं, काकाजी. त्यांनी पाह्यलं बी नाही."

असे त्यांनी एकेकाला विचारलं. चौदापैकी अकरा त्यांना आठवत होते, कोण कुठं बसायचा त्या क्रमानं. प्रत्येकाला मी नाही म्हणत गेलो. मग म्हणाले, "पाच काहून काढले? तीन काहून नाही?"

"तीन काढले असते तं तुमी दुसऱ्या दिवशी पुन्हा वाचलं असतं."

"हाव. वाचलं असतं." त्यांनी मान डोलावली. एखाद्या कथेतली गोम सापडल्यावर डोलवायचे, तशीच. "म्हंजे माहीत होतं तुले सगळं."

आत मुलगी भांडी घासत होती. तो आवाज थांबला.

"डॉक्टरच्या पायरीवर मी तुले विचारलं होतं," ते म्हणाले. "तथी काहून नाही सांगतलं? तथी सांगतलं असतं तं मी लिवलं असतं रे अजून."

 येताना मी काय बोलायचं ते ठरवून आलो होतो, बाबांचं नाव, माझं वय, तेव्हाची परिस्थिती, सगळं नीट मांडणार होतो. त्यातलं काही काढलं नाही. मी खुर्ची त्यांच्या समोर ओढली, म्हणजे त्यांना माझं तोंड दिसावं, आणि म्हणालो, "काकाजी, तुमचा कान बरोबर होता. लोकाईनं श्वास रोखून ऐकलं. मले माई लाज झाकाची होती, म्हणून मी तुमाले बयरं ठरवलं. अन् तुमी कान तपासाले गेले, तरी मी गप्प राह्यलो. माफ करा मले."